लढाई निवल्यावरचे फोटो: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

नाशिकमध्ये जुन्या युद्धफोटोंच्या स्लाइड दाखवत मी काही वर्षं फिरतेय. वाचनालयाचा हॉल, कॉलेजचा इतिहास विभाग, गणपतीतलं एखादं मंडळ, देवळाली कॅम्पातली माजी सैनिकांची बैठक. कार्यक्रम तासाभराचा, पण प्रश्न मात्र चहाच्या कपापासून व्हॉट्सअ‍ॅपपर्यंत पाठ सोडत नाहीत. त्यातले बरेचसे तेच ते असतात, म्हणून एकदाच लिहून ठेवतेय. एका उत्तरात आलेलं दुसरीकडे परत सांगितलेलं नाही, तिथे फक्त प्रश्नाचा क्रमांक दिलाय.

१. युद्धाचा फोटो आणि युद्धानंतरचा फोटो, यात फरक तो काय?

वेळेचा. गोळीबार थांबल्यावर कधी तासाभराने, कधी दोन दिवसांनी, कधी चार महिन्यांनी कॅमेरा तिथे पोचतो. एकोणिसाव्या शतकातला 'युद्धाचा' म्हणून मिळणारा जवळपास प्रत्येक फोटो या प्रकारचा आहे. त्यामुळे असा फोटो समोर आला की मी आधी दोन तारखा शोधते: लढाई कधी झाली आणि फोटो कधी काढला. मधल्या दिवसांत कोणाला पुरलं, कोण तसंच पडून राहिलं, काय उचललं, काय हलवलं, हे कळल्याशिवाय फोटोबद्दल बोलण्यात अर्थ नाही. पुढची निम्मी उत्तरं याच दोन तारखांभोवती फिरतात.

२. पण मग ऐन लढाईचेच फोटो का काढले नाहीत? घाबरत होते का?

भीती असेलच, पण खरी अडचण काचेची होती. १८५१ मध्ये फ्रेडरिक स्कॉट आर्चर या इंग्रजाने ओल्या कोलोडियनची पद्धत जाहीर केली आणि पुढची तीसेक वर्षं तीच चालली. स्वच्छ काचेवर कोलोडियन हे चिकट द्रावण ओतायचं, काच तिरपी करून ते चारी कोपऱ्यांना पोचवायचं, अंधारात सिल्व्हर नायट्रेटच्या बाथमध्ये बुडवायचं, ओली काच कॅमेऱ्यात घालायची, काही सेकंद उघडी ठेवायची आणि लगेच पुन्हा अंधारात पळायचं. हा सगळा खेळ दहा-पंधरा मिनिटांत आटपावा लागतो. काच वाळली की संपलं.

मी हे एकदा गंगापूर रोडला मैत्रिणीच्या शेडमध्ये करून पाहिलंय, तेही एप्रिलमध्ये, म्हणजे अक्कल पाहा. डेव्हलपर म्हणून हिराकसाचं पाणी तयार ठेवलं होतं. पण बाथमधून काच काढून कॅमेऱ्यापर्यंत जाईतो कडा वाळल्या. फोटोत शेडसमोरचं आंब्याचं झाड आलं, भोवती मात्र ओहोटीनंतर वाळूवर राहतात तशा रेषा उमटल्या. बोटांवरचे काळे डाग आठवडाभर गेले नाहीत. गंमत म्हणजे कोलोडियन हा ईथर आणि अल्कोहोलमध्ये विरघळवलेला गनकॉटन, म्हणजे स्फोटक केलेला कापूस. तोफखान्याचा भाऊबंदच म्हणायचा.

आता हे तोफा चालू असताना करायची कल्पना करा. रॉजर फेंटन या इंग्रज छायाचित्रकाराने १८५५ मध्ये क्रिमियाच्या युद्धावर जाताना दारूच्या व्यापाऱ्याची घोडागाडी विकत घेऊन तिची डार्करूम केली होती. ऊन चढलं की आत उभं राहवत नसे. धावणारा माणूस त्या काचेवर नुसता धूर होऊन उमटायचा. न हलणाऱ्या गोष्टीच काय त्या नीट येत, आणि रणांगणावर न हलणारं काय असतं ते सांगायला नको.

३. जगातला पहिला युद्धछायाचित्रकार कोण? भारतातला कोण?

'पहिला' ठरवायच्या वादात मी पडत नाही. भारतापुरतं बोलायचं तर जॉन मॅकॉश हे नाव लक्षात ठेवा. हा बंगाल आर्मीतला सर्जन होता. १८४८-४९ च्या दुसऱ्या शीख युद्धात आणि नंतर १८५२ च्या बर्मा युद्धात त्याने कागदी निगेटिव्हवर फोटो काढले. त्यात माणसांचे चेहरे, इमारती, जिंकलेल्या तोफा आहेत. प्रेतं नाहीत.

४. फेंटनच्या 'मृत्युछायेच्या दरी'चे दोन फोटो आहेत म्हणे. एकात रस्त्यावर तोफगोळे, दुसऱ्यात रस्ता रिकामा. खरा कुठला?

दोन्ही खरे, एकाच जागेवरून २३ एप्रिल १८५५ ला काढलेले. प्रश्न एवढाच की आधीचा कुठला. आधी रस्ता रिकामा असेल तर गोळे कोणीतरी उचलून रस्त्यावर मांडले. उलट असेल तर रस्ता साफ केला, कारण पडलेले गोळे सैनिक गोळा करून नेत.

दीडशे वर्षं लोक फेंटनच्या स्वभावावरून अंदाज बांधत बसले. एरल मॉरिस या अमेरिकी चित्रपटकाराने २००७ मध्ये यावर लिहिताना फेंटनला बाजूला ठेवलं आणि उतारावरचे बारके दगड पाहिले. गोळे रस्त्यावर असलेल्या फोटोत त्यातले काही दगड किंचित खाली सरकलेले दिसतात. चालताना पायाने दगड खाली ढकलला जातो, वर चढत नाही. म्हणजे रिकामा रस्ता आधीचा.

हीच स्लाइड देवळालीत लावली तेव्हा तोफखान्यातून निवृत्त झालेले एक सुभेदार उठून पडद्याजवळ आले. "ताई, भरीव गोळा पडला की थांबत नाही, गडगडत जातो. तो चरातच जाऊन बसणार. हे रस्त्याच्या मधोमध बसलेत ते कोणीतरी बसवलेत." दगडांचा पुरावा मी त्यांना त्यानंतर सांगितला.

एक खुलासा: लाइट ब्रिगेड या ब्रिटिश घोडदळाची क्रिमियातली ती प्रसिद्ध धाव या दरीत झाली नाही. त्या धावेवरच्या टेनिसनच्या कवितेमुळे नावांचा घोळ झालाय.

५. लखनौच्या सिकंदरबागेत सांगाडे पडलेत तो फोटो अस्सल आहे का? तो पाहवत नाही.

फोटो अस्सल आहे. दृश्य कितपत अस्सल, हे सांगायला थोडं लांबण लावावं लागेल.

सिकंदरबागेवरचा ब्रिटिशांचा हल्ला १६ नोव्हेंबर १८५७ चा. आत अडकलेले सुमारे २,००० शिपाई त्या दिवशी मारले गेले. फेलिचे बिआतो हा छायाचित्रकार लखनौला पोचला १८५८ च्या वसंतात. म्हणजे दोन तारखांमध्ये चार महिने. ब्रिटिशांनी आपले मेलेले केव्हाच पुरले होते. बागेतले हिंदी शिपाई धड पुरलेही गेले नव्हते. जॉर्ज कॅम्पबेल या ब्रिटिश अधिकाऱ्याने आठवणीत नोंदवलंय की अवशेष झाकून टाकले होते, पण फोटोसाठी ते उघडे करायला लावले गेले. अंगणभर विखुरलेली हाडं आपण पाहतो ती त्यानंतरची. मागे गोळ्यांनी चाळण झालेली इमारत आहे.

म्हणून याला 'खोटा' म्हणायचं का? मी म्हणत नाही. हाडं त्याच माणसांची आहेत, जागा तीच आहे. मांडणी मात्र विजेत्याच्या माणसाने विजेत्याच्या गिऱ्हाइकासाठी केलेली आहे. दुसऱ्यांदा मेलेत ते, असं एका आजींनी कार्यक्रमात म्हटलं होतं.

आठवीतल्या एका मुलीने वेगळंच विचारलं: त्या फोटोत उभी असलेली जिवंत माणसं तिथे का उभी आहेत? खरंय, हाडांमध्ये काही हिंदी माणसं आहेत. काच काही सेकंद उघडी राहायची (प्र. २), तेवढा वेळ त्यांना न हलता उभं राहावं लागलं असणार. कोणीतरी 'असं उभं राहा' म्हणून सांगितलं असणार. मी तो फोटो शंभरदा दाखवला होता आणि मला ते सुचलं नव्हतं.

बिआतोने पुढे चीनमध्येही हेच केलं. ऑगस्ट १८६० मध्ये टाकूचा किल्ला पडला तेव्हा आपला फोटो होईपर्यंत प्रेतं हलवू नका अशी त्याने विनवणी केल्याचं तिथल्या एका ब्रिटिश डॉक्टरने लिहिलंय.

६. याच काळातला राणी लक्ष्मीबाईंचा फोटो आमच्याकडे फॉरवर्ड झालाय. खरा का?

नाही. राणीचं एकही प्रमाणित छायाचित्र नाही. कोणाच्या तरी दुसऱ्याच स्त्रीचे फोटो तिच्या नावावर फिरतात. १८५७ च्या उठावातल्या घटना घडताना काढलेले फोटो जवळजवळ नाहीतच. कानपूर, दिल्ली, लखनौचे जे आहेत ते बहुतेक नंतरचे.

७. गेटिसबर्गचा मेलेला नेमबाज उचलून दुसरीकडे ठेवला होता, हे कळल्यावर बाकीच्यांवर विश्वास कसा ठेवायचा?

अमेरिकी यादवी युद्धात गेटिसबर्गची लढाई १ ते ३ जुलै १८६३ ला झाली. अलेक्झांडर गार्डनर आणि टिमथी ओ'सलिव्हन हे छायाचित्रकार ५ तारखेच्या सुमारास पोचले. खडकांच्या आडोशाला पडलेला एक तरुण सैनिक, डोक्याखाली पिशवी, बाजूला टेकवलेली बंदूक, असा तो फोटो. १८६६ च्या आपल्या अल्बममध्ये गार्डनरने त्याला नेमबाज ठरवून त्याच्या एकाकी मरणाची करुण कथाही जोडली.

विल्यम फ्रासानिटो या अभ्यासकाने १९७५ मध्ये दाखवून दिलं की तोच मृतदेह साधारण ४० यार्डांवरच्या उतारावर वेगवेगळ्या कोनांतून आधीच टिपलेला आहे. चांगली चौकट मिळावी म्हणून तो उचलून आणला. बंदूकही नेमबाज वापरत त्या जातीची नाही.

हे कळलं कसं, ते पाहा: इतर फोटोंवरून. बाकीच्या काचाही टिकून राहिल्या म्हणून गार्डनर पकडला गेला. एका फोटोवर भरवसा ठेवू नका, त्याच जागेचे चार मिळवा, एवढंच यातून मी घेते. आणि फोटोपेक्षा त्याखालच्या मजकुराला जास्त भ्या. मृतदेह ४० यार्ड हलला, पण त्याला अख्खं आयुष्य चिकटवलं ते शब्दांनी.

८. हे फोटो तेव्हा लोकांनी पेपरात पाहिले का?

नाही, पेपरात फोटो छापायचं तंत्र नव्हतं. फोटोवरून लाकडी ठसा कोरून छापत, आणि कोरणारा वाटेल ते बदले. मूळ फोटो प्रदर्शनात किंवा विकत घेऊन पाहायचे. १७ सप्टेंबर १८६२ ला अमेरिकी यादवी युद्धातच अँटिएटमला एका दिवसात दोन्ही बाजूंचे मिळून सुमारे २३,००० मेले, जखमी किंवा बेपत्ता झाले. महिन्याभरात मॅथ्यू ब्रेडी या छायाचित्रकाराच्या न्यूयॉर्कच्या गॅलरीत तिथले फोटो लागले. काढले होते गार्डनर आणि गिब्सनने, पण दारावर पाटी ब्रेडीची. याने प्रेतं आणून आमच्या दारात ठेवली नसली तरी तसंच काहीसं केलंय, अशा अर्थाचं न्यूयॉर्क टाइम्सने लिहिलं.

९. अशा फोटोंत मेलेले कायम समोरच्याच बाजूचे का असतात?

माझ्या मते या पानावरचा सर्वांत महत्त्वाचा प्रश्न. तो मला कोणा प्राध्यापकाने नाही, एका वीरपत्नीने विचारला होता.

एक कारण साधं आहे. मैदान ज्याच्या ताब्यात राहतं त्याचाच कॅमेरा आत येतो, आणि तो आपली माणसं आधी उचलतो. अँटिएटमला उत्तरेच्या फौजेने आपले आधी पुरले, म्हणून फोटोत दक्षिणेचे. लखनौत हिंदी, टाकूला चिनी. फेंटनच्या साडेतीनशेवर फोटोंत एकही प्रेत नाही, कारण तिथे मेलेले इंग्रज होते आणि गिऱ्हाईकही इंग्रज.

दुसरं कारण सरकारी. पहिल्या महायुद्धात पश्चिम आघाडीवर खाजगी कॅमेऱ्यांना बंदी आली आणि सरकारी छायाचित्रकार नेमले गेले. दुसऱ्या महायुद्धात आपल्या मृत सैनिकांचा फोटो अमेरिकी जनतेला दिसायला सप्टेंबर १९४३ उजाडला. न्यू गिनीच्या बुना किनाऱ्यावर वाळूत रुतलेले तीन जवान, जॉर्ज स्ट्रॉकने टिपलेले, 'लाइफ' साप्ताहिकाने छापले. फोटो त्याआधी कितीतरी महिने परवानगीसाठी अडून होता. उलटही घडतं: १९९१ च्या आखाती युद्धात गाडीत जळून कोळसा झालेल्या इराकी सैनिकाचा केनेथ जॅरेकीने काढलेला फोटो शत्रूचा असूनही अमेरिकेत दाबला गेला. लंडनच्या 'ऑब्झर्व्हर'ने तो छापला.

अपवाद म्हणून स्पायन कोप. २४ जानेवारी १९०० ला दक्षिण आफ्रिकेतल्या त्या टेकडीवर बोअरांनी, म्हणजे तिथल्या डच वंशाच्या वसाहतकऱ्यांनी, ब्रिटिशांना मागे रेटलं, आणि ब्रिटिश प्रेतांनी भरलेल्या उथळ खंदकाचा फोटो जगभर गेला. हरणाऱ्या साम्राज्याचा मेलेला माणूस तेव्हा दिसला. तिथून जखमी वाहून नेणाऱ्यांत गांधीजींचं हिंदी पथक होतं. त्यांच्या डोल्या मात्र त्या खंदकाच्या फोटोत कुठे नाहीत.

१०. आमचे पणजोबा पहिल्या महायुद्धात मेसोपोटेमियात होते. तिथल्या फोटोत ते सापडतील का?

चेहरा सापडणं फार कठीण. महाराष्ट्रातून गेलेल्या मराठा पलटणी मेसोपोटेमियात, म्हणजे आजच्या इराकात, टायग्रिसकाठी लढल्या, कूटच्या वेढ्यातही अडकल्या. २९ एप्रिल १९१६ ला कूट पडलं. कैदेतून सुटलेल्या हिंदी शिपायांचे, बरगड्या मोजता येतील असे फोटो लंडनच्या इम्पीरियल वॉर म्युझियममध्ये आहेत, पण त्याखाली नावं नाहीत.

म्हणून फोटोऐवजी नावापासून सुरू करा. पलटण आणि शिपाई क्रमांक मिळाला तर कॉमनवेल्थ वॉर ग्रेव्हज कमिशनच्या संकेतस्थळावर शोधता येतं, अर्थात ते तिकडेच वारले असतील तर. बसराच्या स्मारकावर चाळीस हजारांवर मृतांची नोंद आहे. पण हिंदी अधिकारी सोडले तर साध्या हिंदी शिपायांची नावं भिंतीवर कोरलीच नव्हती, फक्त वहीत होती. नावाची स्पेलिंगं चार प्रकारे टाकून पाहा. 'जाधव'ची इंग्रजांनी काय काय रूपं केलीत ते पाहून हसूही येतं.

घरी गणवेशातला फोटो असेल तर तो 'लढाईतला' समजू नका. मागे रंगवलेला पडदा आणि बाजूला कुंडी दिसली की तो निघण्यापूर्वी स्टुडिओत काढलेला.

११. गोदाघाटावरच्या बुधवारच्या बाजारात 'ओरिजिनल युद्धाचा फोटो' म्हणून मिळाला. कसं ओळखू?

दहापट भिंग घ्या. ठिपक्यांची जाळी दिसली तर तो छापील आहे, पुस्तकातून कापलेला. पन्नास रुपयांच्या वर देऊ नका. ठिपके नाहीत, कागद पातळ, जाड पुठ्ठ्यावर चिकटवलेला, पांढरा भाग पिवळट पडलेला, तर तो अंड्याच्या पांढऱ्यावर केलेला अल्ब्युमिन प्रिंट असू शकतो, म्हणजे एकोणिसाव्या शतकातला. काळ्या भागावर कडेला निळसर चांदीची झाक आली असेल तर जिलेटिनचा, नंतरचा. एका पुठ्ठ्यावर शेजारी शेजारी दोन सारखेच फोटो असतील तर ते दुर्बिणीसारख्या यंत्रातून पाहायचं स्टीरिओ कार्ड.

मागची बाजू आधी पाहा. मी एकदा समोरच्या बाजूवर भाळून 'बोअर युद्ध' म्हणून चांगली रक्कम मोजली होती. घरी येऊन पाठीवरचं पुसट पेन्सिलीतलं वाचलं, तर लष्करी कवायतीचा फोटो निघाला. झोपलेले जवान दुपारची विश्रांती घेत होते.

१२. पुराच्या पाण्यात अल्बम भिजला. आता?

२००८ आणि २०१९ नंतर हा प्रश्न ठरलेला. चिकटलेले फोटो ओढून सोडवू नका. स्वच्छ थंड पाण्यात ठेवा, आपोआप सुटू द्या, मग टीपकागदावर तोंड वर करून सावलीत वाळवा. वेळ नसेल तर प्लास्टिकच्या पिशवीत घालून फ्रीजरला टाका, बुरशी थांबते. हे फक्त कागदी फोटोंसाठी. काचेची जुनी निगेटिव्ह पाण्यातही बुडवायची नाही आणि फ्रीजरमध्येही नाही, थर सुटून येतो. तिला हवेत वाळू द्या आणि जाणकाराला दाखवा.

१३. शाळेत मुलांना हे दाखवावं का?

आठवीच्या आधी मी प्रेतं दाखवत नाही. फेंटनचे दोन रस्ते (प्र. ४) पाचवीलाही चालतात, मुलं दगड मोजत बसतात. मोठ्यांना दाखवताना आधी सांगते, पाहायचं नसेल तर मान खाली घाला, कोणी हसणार नाही.

१४. त्र्यंबकेश्वरचे फाळके आधी फोटोग्राफर होते ना? त्यांनी काढलेत का असे?

गोध्र्याला त्यांचा स्टुडिओ होता हे खरं. युद्धाशी संबंध नाही. नाशिककरांना सगळीकडे दादासाहेब हवे असतात, मलाही.

१५. हे फोटो कार्यक्रमात, पुस्तकात वापरले तर कॉपीराइट लागतो का?

फेंटन, बिआतो, गार्डनर यांच्या फोटोंचे हक्क केव्हाच संपले. अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसमधून मोठ्या आकारात फुकट उतरवून घेता येतात. अलीकडच्या फोटोंचं तसं नाही. आपल्याकडे २०१२ च्या दुरुस्तीनंतर फोटोला छायाचित्रकाराच्या मृत्यूनंतर ६० वर्षांपर्यंत संरक्षण आहे. १९७१ चे किंवा करगिलचे फोटो 'गुगलवर मिळाले' म्हणून फ्लेक्सवर लावू नका. आणि देवळालीतल्या लष्करी जागांचे स्वतः काढायचे असतील तर आधी परवानगी. फाटकावरचा जवान सौम्यपणे सांगतो, पण एकदाच.

१६. सीमेवर काही झालं की ग्रुपवर प्रेतांचे फोटो येतात. खरे कसे ओळखायचे?

उलटा शोध घ्या, म्हणजे फोटोच सर्च इंजिनला द्या. बऱ्याचदा तो दुसऱ्या देशातल्या, काही वर्षांपूर्वीच्या युद्धाचा निघतो. झाडं, बूट, गाडीचा प्रकार, सावल्या यांचा त्या जागेशी आणि ऋतूशी मेळ बसतो का पाहा. शंका असेल तर पुढे पाठवू नका. खरा असला तरीही थांबा: त्यातल्या माणसाच्या घरी अजून कळलं नसेल. जिनिव्हा करारांत मृतांची विटंबना होऊ न देण्याचं आणि कैद्यांना लोकांच्या कुतूहलापासून वाचवण्याचं बंधन सैन्यांवर घातलंय. ग्रुपच्या अ‍ॅडमिनवर नाही, पण त्याने पाळलं तर बिघडत नाही.

१७. फोटोत माणूसच नसेल, नुसती जमीन असेल, तर तो यात धरायचा का?

धरायचा, आणि माझ्या मते यात सर्वांत कसदार काम तिथेच आहे. १९४४ च्या लढाईनंतरची कोहिमाची टेकडी, पानं झडून नुसते बुंधे उरलेली. १९९१ नंतर सोफी रिस्तेल्युएबरने कुवेतच्या वाळवंटात टिपलेले चर आणि खड्डे, जखमेच्या टाक्यांसारखे.

आणि आपलं लोंगेवाला. ५ डिसेंबर १९७१ च्या सकाळी जैसलमेरहून उडालेल्या हंटर विमानांनी तिथे पाकिस्तानी रणगाडे टिपले. विमानातून घेतलेल्या फोटोत वाळूवर पट्ट्यांच्या खुणांची वेटोळी दिसतात, मांजराने लोकरीचा गुंडा सोडवावा तशी. बंदूक नाही, माणूस नाही.

देवळालीत ही स्लाइड लागली तेव्हा तेच सुभेदार पुन्हा पडद्यापाशी आले. एका रेघेवर बोट ठेवून हळूहळू नेत राहिले. "इथे विमान दिसलं त्याला. इथे वळला. परत वळला. इथे आपल्याच दुसऱ्या गाडीची वाट कापली." बोट एका काळ्या ठिपक्यापाशी थांबलं. खोलीत कोणी काही बोललं नाही. मग ते जागेवर जाऊन बसले आणि म्हणाले, "पुढची लावा."